पिडकॉकचे पाय

बार्नशॉ, लँकेशर
१० नोव्हेंबर १९७६, बुधवार

माझ्या गुणी क्लेमला आजीकडून दोन पापे, एक या गालावर, एक त्या.

काल संध्याकाळी काय रे वागलास त्या म्हातारीशी! बिचारी काठी टेकत टेकत तुझ्या टपाल कचेरीत आली, एक तिकीट मागितलं, आणि तू गजाआडून म्हणालास, "बाई, घड्याळ बघा. पाच वाजून गेलेत. टपाल खात्याच्या हिशेबाने तुम्ही आता इथे नाहीच." आणि खाडकन झडप खाली! शेजारची ऑलिव्ह माझ्याजवळ बसली होती, तिने हातातलं बिस्कीट थेट टीव्हीवर भिरकावलं. म्हणाली, "सेलिना, तुझा नातू माणूस आहे का कोण आहे?" मी म्हटलं, "तो माझा नातू नाही, तो हॉरेस पिडकॉक. माझा नातू त्याच्या आत आहे." बिस्कीट मात्र फुकट गेलं. चांगलं आल्याचं होतं.

आमच्या आळीत मंगळवारी साडेसातला तुझी मालिका 'टेंटर लेन' लागली की रस्त्यावर कुत्रंसुद्धा नसतं. आणि काल तर आणखी मजा आली, सगळीकडे काळोख. नऊ नंबरचे टॅटरसॉल सोमवारी गेले. उद्या त्यांना पुरायला नेतील. तोवर अख्ख्या आळीचे पडदे ओढलेले, त्यामुळे भरदुपारीही दिवा लावून बसावं लागतं. टॅटरसॉल महाचिक्कू होते, देव त्यांना क्षमा करो, पण पडदा त्यांच्यासाठीही ओढायचा. उद्या त्यांची गाडी कोपऱ्यावरून वळली की सगळ्यांनी पडदे उघडायचे, संपलं. मग त्यांच्याबद्दल वाईट बोलायला आपण मोकळे. तर असं मी तुला काळोखात पाहिलं, अगदी सिनेमाला बसल्यासारखं.

सिनेमावरून आठवलं. तुझा पहिला सिनेमा, तू बसकंडक्टर होतास. "वर जागा नाही," एवढंच वाक्य. तुझे आजोबा आणि मी इतक्यांदा पाहिला की शेवटी आमची सगळी रांग तुझ्याबरोबर म्हणायला लागली. मग तू हवालदार झालास, मग खाटीक, मग शवपेटीला खांदा देणारा, डावीकडचा मागचा. मग त्या सरदाराच्या घरचा खानसामा, सूप वाढता वाढता पाठीत सुरा खाणारा. तेव्हा आजोबा मोठ्यांदा म्हणाले होते, "पोराला जरा जगू द्यायला काय जातं यांचं?" बॅटरीवाल्याने येऊन गप्प केलं त्यांना. आणि आता बघ! अकरा वर्षं एका जागी, डोक्यावर छप्पर, अंगावर कोट, गळ्यात टाय. आजोबा असते तर छाती फुगवून फिरले असते.

सोबत नव्या सपाता पाठवतेय. काउंटरच्या खाली कॅमेरा बघत नाही, म्हणून तू वर टाय-कोट आणि खाली जुनी विजार नि माझ्या लोकरीच्या सपाता घालून उभा असतोस, हे मी कुणालाही सांगितलेलं नाही. ऑलिव्हला सोडून. लाल लोकर संपली म्हणून एक टाच हिरवी झालीय. कोण बघतंय?

कोळसेवाला ब्रॅडी येऊन गेला. आता पोती जावई उचलतो, हा नुसता गाडीत बसून हुकूम सोडतो. अजून विचारतो, "तो तुमचा तळघरातला पोरगा काय म्हणतो?" मी म्हटलं, टीव्हीवर असतो. तर म्हणतो, "चला, तिथे उजेड तरी असेल." खूप हसलो.

माझी कंबर आहे तशीच. पलंग खाली पुढच्या खोलीत आणलाय. दारापर्यंत जाते, दारापुढच्या पायऱ्या काही जमत नाहीत. उंबरठा आता ऑलिव्ह घासते, आणि कसा घासते ते विचारू नकोस. पण मला बाहेर जायचंच कशाला? सगळी टेंटर लेन माझ्या घरी येते.

तुझी,
आजी


हॅमरस्मिथ, लंडन
२१ नोव्हेंबर १९७६

प्रिय आजी,

सपाता पोचल्या, आणि लगेच कामाला लागल्या. हिरव्या टाचेचं आमच्या कपडेवालीला फार कौतुक. म्हणते, या माणसाचा खालचा अर्धा भाग वरच्यापेक्षा जास्त सुखी आहे.

बिस्किटाबद्दल ऑलिव्हकाकूंची माफी माग. इथेही तेच. परवा बसमध्ये एका बाईंनी मला कोपऱ्यात गाठलं. त्यांच्या बहिणीला पाठवलेलं पार्सल पोचलं नाही. मी म्हटलं, "बाई, मी नट आहे." त्या म्हणाल्या, "असाल हो. पण पार्सल कुठंय?" पुढच्या थांब्यापर्यंत मी माफी मागत होतो. मग उतरलो. तो माझा थांबा नव्हता.

बाकी बरं चाललंय. काउंटरला नवे पितळी गज बसवलेत, जुने कॅमेऱ्यात नीट चमकत नव्हते. जानेवारीत नवा करार व्हायचाय, या वेळी तीन वर्षांचा. मालिकावाल्यांची अट एकच, मधे दुसरं काम नाही.

एक गंमत सांगतो. मुनरोबाई म्हणून स्कॉटलंडच्या एक दिग्दर्शिका आहेत. वसंतात उत्तरेकडच्या एका बेटावर सिनेमा करणार आहेत. एक मेंढपाळ असतो, त्याचा भाऊ मरतो, आणि हा भावाची काठी घेऊन बेटाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत जातो. झाला सिनेमा. बोलणं जेमतेम. त्यांना त्यासाठी मी हवाय. मी विचारलं, "माझ्यात काय पाहिलंत?" तर म्हणाल्या, "अकरा वर्षं तुम्हाला उभं पाहतेय. तुम्ही चालता कसे ते बघायचंय."

हसू आलं म्हणून लिहिलं. विशेष काही नाही.

आणि सहज विचारतो, एखाद्या मंगळवारी पिडकॉक नसलाच, तर तू काय पाहशील गं?

तुझा,
क्लेम


बार्नशॉ
२६ नोव्हेंबर १९७६

क्लेम, राजा,

तुझं पत्र आल्यापासून माझ्या घशाखाली घास उतरत नाही. तुला झालंय काय? छाती का? तुझ्या आजोबांचंही असंच, आधी "सहज विचारतो" आणि मग सरळ दवाखाना. गरम पाण्यात मोहरीची पूड घाल, पाय बुडवून बस. उभं राहून राहून पायात रक्त साचतं, गिरणीत आम्हा सगळ्यांना व्हायचं.

पिडकॉक नसला तर काय पाहीन! काय पण प्रश्न! अरे, हे काय नुसतं बघणं आहे? मंगळवारी मी दुपारीच केस विंचरते. मोत्यांची माळ घालते, ती खोटी. तुझ्यासाठी कप मांडते. चहा ओतत नाही, एवढी काही मी वेडी नाही, नुसता मांडते. आजोबा गेल्यापासून नेमाने घरी येणारे दोघंच, विमेवाला आणि तू. आणि विमेवाला बसत नाही.

आजारी नसशील तर काळजी नाही. तीन वर्षांचा करार! मी सगळ्यांना सांगून टाकलं. आमच्या इथल्या खऱ्या टपाल कचेरीतल्या मिस ग्रिमशॉंनी ऑलिव्हजवळ निरोप पाठवला, "पिडकॉकसाहेबांना म्हणावं, आमच्या खात्याची अब्रू आणखी तीन वर्षं घालवणार तर!" आतून खूश आहे ती. तिच्या रांगेत आता माझं नाव सांगितलं की ऑलिव्हला पुढे सोडतात. आणि आमच्या प्रार्थनामंदिरातल्या बायकांनी ठरवलंय की देणगीसाठी भरवतो तो वसंतातला बाजार या वेळी पिडकॉकनेच उघडायचा. तूच यायचंस, कोट-टाय घालून, आणि सुतारकाम करणारा फेलन तुझ्यासाठी खरा काउंटर बनवून देतोय, गजांसकट! मी हो म्हणून बसलेय.

आणि ती स्कॉटलंडची बाई काय म्हणाली, चालता कसे ते बघायचंय? माणसाला चालताना काय बघायचं? थंडी कसली असेल तिथे. मेंढ्यांची लोकर मेंढ्यांना पुरत नाही म्हणतात. तू आपला आत उबेत राहा.

हे पत्र मिळताच कळव छातीचं.

तुझी,
आजी


हॅमरस्मिथ
१२ डिसेंबर १९७६

प्रिय आजी,

छाती ठणठणीत आहे. मोहरीच्या पाण्यात पाय बुडवले, घरमालकीणबाईंना वाटलं मी स्वयंपाक करतोय.

तू काळजी सोड. पिडकॉक कुठे जात नाही. सही दहा जानेवारीला. मुनरोबाईंना नाही म्हणून कळवलं. त्यांनी उत्तरादाखल बेटाचा नकाशा पाठवला, सोबत एक ओळ, जागा जानेवारी संपेपर्यंत रिकामी ठेवते म्हणून. हट्टी बाई दिसते. नकाशा मी काउंटरच्या आतल्या बाजूला खिळ्याने लावलाय, कॅमेऱ्याला दिसत नाही. गिऱ्हाईक तिकीट मागतं तेव्हा मी खाली बघतो ना, तेव्हा तो बघतो. तिथल्या एका टेकडीचं नाव चक्क 'म्हातारीचा गुडघा' आहे. तुझी आठवण आली.

बाजार उघडायला येईन. फेलनना सांग, काउंटर जरा उंच करा, मला वाकून वाकून पाठीला रग लागते.

बरं चाललंय. खरंच बरं चाललंय. माझ्या वयाचे किती नट घरी बसलेत. माझ्याबरोबर दुसरा हवालदार झालेला तो रोलंड आता खरंच रात्रपाळीचा पहारेकरी झालाय. मी काय म्हणून कुरकुर करायची? तू मंगळवारी माळ घालून बसतेस, हे मला आधी माहीत नव्हतं. आता काउंटरवर उभा राहिलो की ते डोळ्यांसमोर येतं.

नाताळचा खास भाग अठ्ठावीसला आहे. विनोदी आहे. पिडकॉकची झडप अडकते आणि तो आत कोंडला जातो. तुला हसायला येईल.

तुझा,
क्लेम


बार्नशॉ
२९ डिसेंबर १९७६

क्लेम,

हे पत्र बसल्या जागी वाच, उभा राहून नको.

काल माझ्याकडे आठ-दहा बायका जमल्या होत्या. नाताळचा उरलेला केक होता, ऑलिव्हने शेरी आणली होती, घशाचं औषध म्हणून. तुझी झडप अडकली आणि काय हसल्या सगळ्या! बाहेर टेंटर लेनची माणसं शुभेच्छापत्रं पाठवायच्या गडबडीत, आणि आत तू. पिडकॉक आहे म्हटल्यावर आम्हाला वाटलं, आता हा शिव्या घालेल, गज हलवेल, राणीच्या नावाने धमक्या देईल. तू त्यातलं काहीच केलं नाहीस. टक टक. थांबलास. टक. मग पुन्हा टक टक, थांबलास, टक. अगदी हळू, दुसऱ्याच्या घरी आल्यासारखं.

ऑलिव्ह डोळे पुसत म्हणाली, "बघ गं, कसा सभ्य झालाय मेला!" सगळ्या खिदळल्या. माझ्या हातातला पेला मात्र तसाच राहिला. ते टकटकणं मला ठाऊक आहे. पिडकॉकचं नाही ते.

तू सहा वर्षांचा होतास. तुझी आई जाऊन वर्ष झालं नव्हतं. मांजर शोधायला कोळशाच्या तळघरात उतरलास, आणि वाऱ्याने तळघराचं स्वयंपाकघराकडचं दार लागलं, कडी बाहेरून पडली. मी बसले होते पुढच्या खोलीत रेडिओ ऐकत. तो एक विनोदी माणूस लागायचा ना, बायकोचा आवाज काढणारा. तुझी आई गेल्यानंतर मी पहिल्यांदा हसत होते त्या दिवशी, पोट धरून हसत होते. कार्यक्रम संपला, बादली घेऊन कोळसा काढायला गेले, तेव्हा ऐकलं. टक टक. टक. दार उघडलं तर तू वरच्या पायरीवर बसलेला, काळाकुट्ट, हात नीट मांडीवर ठेवून. ब्रॅडी तेव्हा दारात पोती घेऊन आला होता, त्यालाही गलबलून आलं. मी म्हटलं, "अरे पोरा, ओरडलास का नाही?" आणि तू काय म्हणालास, आठवतं का तुला? मला आठवतं. तू म्हणालास, "तू हसत होतीस, आजी."

काल रात्रभर मी तुझी पत्रं वाचली. मला शाळा दोन इयत्ता, मी हळू वाचते, बोट ठेवून. "बरं चाललंय" किती वेळा लिहिलंस रे? ज्याचं बरं चालतं तो असं सारखं लिहीत नाही. आणि त्या मेंढपाळाबद्दल नि त्या बेटाबद्दल तू माझ्या सगळ्या आजारपणांपेक्षा जास्त लिहिलंयस.

तर आता ऐक. सही करायची नाही. मी इथे हसतेय म्हणून तू तिथे काळोखात बसून हळूच टकटक करणार, हे मला चालायचं नाही. मी काय आता कुक्कुलं बाळ आहे, खुळखुळा काढून घेतला तर भोकाड पसरायला? अरे, ओरडायचं! एवढा मोठा घोडा झालास, आवाजावर पोट भरतोस, आणि आजीला एक हाक मारता येत नाही?

पण माझी एक अट आहे. त्या मालिकावाल्यांना सांग, पिडकॉकला बोर्नमथला बहिणीकडे पाठवायचं नाही. ऑस्ट्रेलियाला तर नाहीच. त्यांच्या मनाला आलं की ते माणूस बोटीत बसवून देतात. गेलेला माणूस परत येईल म्हणून लोक वाट बघत बसतात, आणि मीही बसेन, माझा काय भरवसा. त्याला नीट मरू दे. मेलेल्या माणसासाठी पडदे ओढता येतात, आणि ओढलेले पडदे उघडता येतात. गावाला गेलेल्यासाठी काय करायचं?

बाजाराचं मी बघते. फेलनला सांगते, त्या काउंटरचं कोंबड्यांचं खुराडं कर.

नकाशा काढून आणलास का? नसशील तर आधी तो काढ.

आजी


हॅमरस्मिथ
१४ जानेवारी १९७७

आजी,

तुझं पत्र चार दिवस कोटाच्या खिशात घेऊन हिंडलो. मग दहा तारखेला ऑफिसात गेलो. टेबलावर करार होता, पेन होतं, चहासुद्धा होता. निर्माते म्हणाले, "या पिडकॉक, बसा." मी म्हटलं, "माझं नाव हॅलिवेल." आणि मग म्हणालो, नाही. आवाज जरा मोठाच आला. बाहेर टायपिंग थांबलं.

रागावले. म्हणाले, इथून बाहेर पडलेल्याला कुणी विचारत नाही, चार महिन्यांत परत दार वाजवाल. तेही खरं असेल. मला भीती वाटतेय, ते लपवत नाही. मग म्हणाले, बोर्नमथला बहीण दाखवू, म्हणजे दार उघडं राहील. मी म्हटलं, माझ्या आजीची परवानगी नाही. त्यांना वाटलं मी चेष्टा करतोय.

शेवटी पिडकॉकला मार्चमध्ये मारायला तयार झाले. मी एकच मागणं मागितलं, ते त्यांनी मान्य केलं. काय ते तुला टीव्हीवर दिसेल.

मुनरोबाईंनी हो म्हटलंय. त्या म्हणाल्या, बूट सैल घ्या.

आजी, खरं सांग. मंगळवारचं तू काय करशील? या वेळी सहज विचारत नाही.

क्लेम


बार्नशॉ
१६ मार्च १९७७, बुधवार

क्लेम, माझ्या वाघा,

काल आम्ही पिडकॉकला पोचवलं. असं पोचवलं की टॅटरसॉलना वर बसून हेवा वाटला असेल.

सकाळीच ऑलिव्हला म्हटलं, पडदे ओढ. ती म्हणाली, "सेलिना, डोकं ठिकाणावर आहे ना? खोट्या माणसासाठी पडदे?" मी म्हटलं, "टॅटरसॉलसाठी ओढलेस ना? टॅटरसॉल कधी तुझ्या घरी आले? पिडकॉक अकरा वर्षं दर मंगळवारी येतोय. कोण जास्त खरा?" ती उठली आणि गेली ती समोरच्या दहा नंबरवालीला सांगायला. दुपारपर्यंत आळीच्या दोन्ही अंगांचे पडदे ओढलेले! नवीन टपालवाला बिचारा कोपऱ्यावरच टोपी काढून उभा. कुणाच्या दारात जायचं त्याला कळेना. मिस ग्रिमशॉंनी खऱ्या टपाल कचेरीचा पडदा खाली घेतला आणि दंडाला काळी फीत बांधून बसल्या. वरून कुणी विचारलं तर सांगेन म्हणाल्या, कुणीतरी जवळचं गेलंय.

मी हॅम उकडायला लावलं होतं. आमच्यात माणसाला हॅमशिवाय पोचवलं तर लोक वर्षभर बोलतात. इतक्या बायका जमल्या की खुर्च्या प्रार्थनामंदिरातून आणाव्या लागल्या. उकाडा झाला म्हणून ऑलिव्हने रस्त्याकडचं दार सताड उघडलं, आणि माझी खुर्ची अर्धी घरात अर्धी उंबरठ्यावर. किती दिवसांनी पायांना वारा लागला.

आणि मग तू.

तुझं ते शेवटचं गिऱ्हाईक, ती काठीवाली म्हातारी, तिला तू तिकीट दिलंस. काही न बोलता दिलंस. मग आपला शिक्का बाजूला ठेवलास, चष्मा पुसलास, आणि काउंटरची ती फळी उचललीस. क्लेम, आम्हाला माहीतच नव्हतं ती फळी उचलली जाते! अकरा वर्षं आम्हाला वाटायचं ती भिंतच आहे. तू बाहेर आलास, कॅमेरा हळूहळू खाली गेला, आणि ऑलिव्ह किंचाळली, "अगं बाई! याला पाय आहेत!"

आणि मग मी पाहिलं पायांत काय आहे ते. लाल सपाता. एक टाच हिरवी.

"सेलिना, या तुझ्या!" सगळ्या ओरडल्या. तू त्या सपातांत टपाल कचेरीच्या दाराबाहेर पडलास, कालव्याच्या काठाने चालत गेलास, असा चाललास की जणू प्रत्येक दगडाला विचारतोयस, टेकू का पाय? मग बाकावर बसलास. बदकांकडे बघितलंस. आणि गेलास. किती छान गेलास रे! खानसामा असताना इतकं छान नव्हतं जमलं.

सगळ्या रडल्या. मी रडले नाही. हॅम वाढायचं होतं.

आज सकाळी पडदे उघडायचे तर प्रश्न पडला, गाडी कुठंय? गाडी कोपऱ्यावरून वळल्याशिवाय उघडायचे नसतात. सगळ्या खिडक्यांतून आम्ही पडद्याच्या फटीतून एकमेकींकडे बघतोय. तेवढ्यात दूधवाल्याची गाडी कोपऱ्यावरून वळली. म्हटलं, हीच धरा. आणि मी पडदे उघडले, सर्रकन. तिघी-चौघींनी टाळ्या वाजवल्या, तेवढं जरा कमी शोभलं.

सोबत मोजे पाठवतेय, जाड, गुडघ्यापर्यंत. सपाता आता पुरे. दोन्ही टाचा एका रंगाच्या आहेत, आता लोक बघणार.

मंगळवारचं विचारलंस. मंगळवार येईल तेव्हा बघू. तू विचारलंस ते बरं केलंस, आणि मी उत्तर देत नाहीय तेही तुला समजेल. तुझा तो कप मी कपाटात ठेवलाय, पुढच्याच रांगेत.

तिथे डोंगरावर कुणी नसेल तेव्हा एकदा ओरडून बघ. सवय झालेली बरी.

तुझी,
आजी


बेटावरून
१९ एप्रिल १९७७

प्रिय आजी,

मोज्यांमुळे पाय वाचले, बाकी सगळं भिजलंय. पहिले दोन दिवस मी दर चार पावलांवर थांबत होतो. समोर काउंटर येईल असं वाटायचं. मुनरोबाई वाऱ्यात ओरडत होत्या, "हॅलिवेल, पुढे जमीन आहे!" आता सवय होतेय. संध्याकाळी पोटऱ्या अशा दुखतात की झोपेत हसू येतं.

पुढचं काम कुठलं, ठाऊक नाही. कुणी बोलावेल न बोलावेल. इथे कोळ्याच्या बायकोने मला दोनदा नीट न्याहाळलं आणि म्हणाली, "तुम्ही ते टपालवाले तर नव्हे?" मी म्हटलं, "तो वारला." ती म्हणाली, "अरेरे," आणि मला मासा जास्त वाढला.

काल 'म्हातारीच्या गुडघ्या'वर चढलो. कुणी नव्हतं. तू सांगितलंस तसं ओरडलो. अख्ख्या कळपाच्या मेंढ्या पळाल्या. त्या गोळा करण्यात सगळ्यांची दुपार गेली, आणि मुनरोबाई अजून माझ्याशी बोलत नाहीत.

काम संपलं की थेट तुझ्याकडे. मंगळवारी नाही, कुठल्याही वारी. कप काढून ठेव, चहा ओत.

क्लेम


बार्नशॉ
२७ एप्रिल १९७७

क्लेम,

मेंढ्या पळाल्या, म्हणजे आवाज शाबूत आहे. मुनरोबाईंना माझा नमस्कार सांग आणि म्हणावं, एवढ्यावर भागलं, ही हाक कोळशाच्या तळघरापासून साठलेली होती.

काल टेंटर लेन लावली. तुझ्या जागी एक मुलगी बसवलीय. दात चांगले आहेत. मागेल त्याला तिकीट देते, हसते, "पुन्हा या" म्हणते. कुणी बिस्कीट फेकलं नाही. ऑलिव्ह अर्ध्यातच उठून घरी गेली. मी थोडा वेळ बघितलं. मग बंद केलं. घर फार शांत झालं, ते तुला सांगते, कारण तू विचारलं होतंस.

मग खुर्ची ओढत ओढत दारापर्यंत नेली. आता तिथेच बसते त्या वेळेला. फेलनने पायरीच्या कडेला लाकडी दांडा लावून दिलाय, त्या काउंटरच्या उरलेल्या लाकडाचा. काल एक पायरी उतरले. एकच. ऑलिव्हने खिडकीतून पाहिलं आणि ओरडली, "अगं बाई, हिलाही पाय आहेत!"

वारा उत्तरेकडून असेल तेव्हा पुन्हा ओरड. मंगळवारी, साडेसातला. मी दारातच असते.

तुझी,
आजी